पाच सेकंदांचा पणजा

दिग्या,

तुझ्या अंत्ययात्रेला अर्धी अमरावती लोटली होती, असं मी अकोल्यात सांगून राहिलो. कोर्टाच्या कँटीनमध्ये तर मी गाड्यांची रांग बडनेऱ्यापर्यंत नेऊन भिडवली. खरं सांगतो, एकतीस माणसं होतो. मी मोजली. त्यातले दोघं बाजूच्या चितेचे होते, चुकून आपल्यात उभे राहिले आणि तुझ्यासाठी रडून गेले.

कॉलेजच्या होस्टेलपासून तुझा नियम ठरलेला होता. नव्या माणसाशी माझी ओळख करून देताना तू आधीच बजावायचास, "हा बापू. हा जे सांगन ते ऐकाचं अन् चारानं भागाचं." मी मेळघाटात दोन वाघ पाहिल्याचं सांगितलं तेव्हा तू गंभीरपणे हिशेब केलास : दोन भागिले चार, अर्धा वाघ, म्हणजे रानमांजर. आणि ते रानमांजरच होतं लेका. तुला कसं कळायचं, देव जाणे.

मग एका गोष्टीला तू का भागलं नाहीस?

आज शनिवार. तुला जाऊन तीन आठवडे झाले. उद्या सकाळी तुझा सिनेमा अमरावतीत दाखवायचा आहे. त्यात शेवटची सात मिनिटं मुकी होती. त्या सात मिनिटांत माझा आवाज होता आणि तो तू स्वतःच्या हातानं बंद करून गेलास. का केलास, हे कुणालाच सांगितलं नाहीस. सोमवारी मंदावहिनींचा फोन आला. "भाऊजी, तिथं काय म्हनाचं ते तुमीच ठरवा. येऊन बोलून जा. नाई तर मी तसंच दाखवतो." पुढे काही नाही. शोकातल्या बाईनं एखादा हुंदका द्यावा, जुनी आठवण काढावी, तर तेही नाही. फोन ठेवल्यावर मी दोन पक्षकारांना उद्या या म्हणून सांगितलं आणि ऑफिसचं दार आतून लावून घेतलं.

सिनेमातला तो जुना तुकडा तुला सापडला त्या दिवशी तू मला कोर्टातून ओढत नेलं होतंस. जुन्या शहरात, मोर्णा नदीपलीकडे, तांब्या-पितळेच्या दुकानावरच्या तुझ्या खोलीत. कुठल्याशा विलायती संग्रहातून आलेली अकरा मिनिटांची मुकी फीत. संग्रहवाल्यांचा मालकीचा नंबर आडवा छापलेला, सगळ्या चित्रावर. तो नंबर तू शेवटपर्यंत काढला नाहीस. "राहू दे," म्हणालास, "कोनाच्या ताब्यात हाय ते दिसू दे." वऱ्हाड निजामाचं, कारभार इंग्रजाचा आणि कापूस मँचेस्टरचा, त्या काळातली ती फीत. कापसाच्या गाड्या, जिनिंग, प्रेस, टोपीवाला साहेब आणि मधेमधे इंग्रजी पाट्या. एका पाटीवर लिहिलेलं : वऱ्हाडातला समाधानी शेतकरी.

त्या अकरा मिनिटांचे तू जे हाल केलेस, ते साहेबानं पाहिले असते तर त्यानं निजामाला वऱ्हाड परत केलं असतं. तू फीत उलटी चालवलीस. गठाणीतून कापूस फुलून बाहेर आला, गाड्यांत जाऊन बसला, गाड्या मागं मागं शेतात गेल्या. साहेब पाठमोरा चालत बग्गीत चढला आणि निघून गेला. ते तू गल्लीत पांढरी चादर बांधून दाखवलंस. शिट्ट्या पडल्या. एक म्हातारे गृहस्थ चादरीसमोरून हलेचनात. म्हणाले, "असंच व्हाले पायजे होतं." दुसऱ्या खेपेला तू जिनिंगमध्ये गेलास आणि रचलेल्या कापसाच्या ढिगावर तीच फीत पाडलीस. कापसावर कापूस. माणसांचे चेहरे ढिगाच्या उंचवट्यांवर फुगत होते, खाचेत बुडत होते. तुझ्या डोळ्यांत पाणी होतं. मी सगळ्यांना सांगत फिरलो की तू ढसाढसा रडलास. चारानं भागलं तरी पाणी होतं हे खरंच.

आणि तो माणूस.

कापूस तोलायच्या काट्यासमोर रांग लागली आहे. सगळ्यांच्या पाठीवर गाठोडी, सगळ्यांच्या नजरा काट्यावर. एकजण मान वळवतो, थेट कॅमेऱ्यात बघतो, त्याचे ओठ हलतात. मग चौकटीच्या काठावरून एक छडी आत येते, त्याच्या खांद्याला टेकते आणि तो परत वळतो. सगळं मिळून पाच सेकंद. छडी धरणारा दिसत नाही, नुसतं मनगट दिसतं.

तू ते पाच सेकंद थांबवून थांबवून दाखवत होतास, आणि मला तो मोह आवरला नाही. तू इतका हरखला होतास, इतका एकटाच हरखला होतास, की मला त्यात वाटा पाहिजे होता. मी म्हणालो, "अबे, हा तर आमचा पणजा."

तू हळूच माझ्याकडे पाहिलंस. मी भागाकाराची वाट बघत होतो. तू म्हणालास, "काय म्हनते तो?"

मी क्षणही घालवला नाही. "म्हनते, काय पाहून राहिला बे?"

खोली हादरेपर्यंत हसलास. मग हसू थांबलं आणि तू वहीत लिहून घेतलंस. तिथं माझं काळीज लकाकलं. माझी एकही गोष्ट तू त्याआधी लिहून घेतली नव्हतीस.

नंतर मी थांबतो काय? पणज्याचं नाव गणुजी ठेवलं. त्याला अंजनगाव सुर्जीजवळ जमीन दिली, साहेबाच्या काट्याला लाथ मारायला लावली. तू पाच सेकंद ताणून सात मिनिटं केलीस आणि त्यावर माझा हा दणदणीत आवाज घातलास. वरून माझ्यातल्या नोटरीनं आणखी एक करामत केली. त्या माणसाच्या चेहऱ्याचा फोटो काढून घेतला, मागं माझा गोल शिक्का मारला, खरी नक्कल, खाली सही. तू तो शिक्काही सिनेमात घेतलास. म्हणालास, "त्यायच्या पाटीले आपला शिक्का." काय खूश होतास!

फोटो मी काकूला नेऊन दिला. माझी काकू अंजनगावला असते, नव्वदीला टेकली आहे, सासरच्या त्या पिढीचा एकही फोटो घरात नाही म्हणून कायम हळहळायची. तिनं फोटो उजेडात धरला आणि जाहीर केलं, "नाक तर बाई यायचंच हाय." यायचं म्हणजे माझ्या काकाचं. संपलं. फोटोला चौकट आली, भिंतीवर पूर्वजांच्या ओळीत जागा मिळाली. अक्षय तृतीयेला घागर भरली गेली, आंब्याचा रस, कुरडया, सगळं पान त्याच्यासमोर. तू कॅमेरा घेऊन आला होतास. काकूनं घागरीवर पाण्याची धार धरली आणि म्हणाली, "घ्या मोठे मामंजी, लय वर्सं झाले." तू कॅमेऱ्यामागून हललाच नाहीस. मी अंगणात येऊन उगाच चप्पल शोधत बसलो.

त्याच दिवशी सांगायला पाहिजे होतं. येताना एसटीत दीड तास तू माझ्या बाजूला होतास. मी तुला अकोटपर्यंत गणुजीच्या बैलजोडीचं वर्णन सांगितलं.

आता तो शेवटचा दिवस. तू बोलावलंस म्हणून दुपारी कोर्टातून सरळ खोलीवर आलो. बाहेर अकोल्याचं ऊन, म्हणजे काय सांगू, कावळे सावली भाड्यानं घेत होते. आवाज नको म्हणून तू कूलर बंद ठेवलेला. तू मला पाणीसुद्धा विचारलं नाहीस. पाच सेकंद लावलेस. परत लावलेस. परत. तो वळतो, बघतो, ओठ हलतात, छडी येते. मी दोन विनोद करून पाहिले, ते खोलीत तसेच पडून राहिले.

"काल मंदानं पाह्यलं हे," तू म्हणालास.

वहिनींची सगळी नोकरी अमरावतीला मुक्या-बहिऱ्या मुलांच्या शाळेत गेली. ओठ वाचणं हे त्यांचं रोजचं काम. हे मला तीस वर्षं माहीत होतं, दिग्या. तीस वर्षं माहीत असलेली गोष्ट मला त्या क्षणापर्यंत सुचली नव्हती.

"मंग? काय म्हनते वहिनी?"

"तो बोलूनच नाई राहिला म्हन्ते."

"मंग काय गाणं म्हनते का?"

"'पाहून' म्हनाले ओठ मिटा लागतात, बापू. 'बे' म्हनाले मिटा लागतात. याचे एकदाई मिटत नाईत. पाय." तू परत लावलंस. "धाप लागली हाय त्याले. पाठीवर वझं हाय. श्वास घेऊन राहिला फक्त."

मी पडद्याकडे बघितलं. एकदा सांगितल्यावर दुसरं काही दिसेचना. उघडं तोंड. नुसतं उघडं तोंड.

"तवाचा कॅमेरा," मी म्हणालो, "हातानं फिरवाचे. मधले ओठ निसटले असतीन."

"असंन. ते जाऊ दे. हा तुझा पणजा हाय ना, एवढंच सांग."

"शिक्का मारून देल्ला ना लेका तुले!"

"शिक्का नको दाखवू. शिक्का साहेबापाशीई होता." तू खुर्ची माझ्याकडे वळवलीस. "त्यायनं याचं नाव नाई लेयलं. समाधानी शेतकरी लेयलं. मी तीन वर्सं झाले त्या पाटीशी भांडून राहिलो. आता जर आपुनई याच्यावर आपलीच पाटी लावली असंन, तर मंग सांग. आजच सांग. मी रागवत नाई."

असं तू म्हणालास. मी रागवत नाही. दार सताड उघडं ठेवून दिलंस तू माझ्यासाठी. आणि मी, आयुष्यभर लोकांना विचारत आलो की वाचलं ना, खरं आहे ना, मग करा सही, त्याच मी काय केलं? उठलो, तुझ्या डोक्यावर हात ठेवला आणि म्हणालो, "तुझी शपथ."

तुझे केस घामानं ओले होते. तू वर बघितलंस. फार वेळ बघितलंस. मग म्हणालास, "बरं." चष्मा लावलास आणि पडद्याकडे वळलास.

दुसऱ्या दिवशी तुझा मेसेज आला : शनिवारी ये, परत बोलू. मी लिहिलं, कोर्टात आहे. महिन्याच्या दुसऱ्या शनिवारी कोर्ट बंद असतं, एवढं तुला माहीत नसेल असं धरून चाललो. मंगळवारी तू गेलास. डॉक्टर म्हणाले, हृदय. मी कायद्याचा माणूस, असल्या गोष्टी मानत नाही. डोक्यावर हात ठेवून खोटं बोललं की ते डोकं जातं, हे आपल्या आज्यांनी पोरांना भिववायला काढलेलं. मानत नाही मी. पण तेव्हापासून हा उजवा हात मला जेवताना दिसतो. सही करताना दिसतो.

मला तुझा रागही येतो, लपवत नाही. अर्ध्या वाघाचं रानमांजर करणारा तू! गणुजीच्या बाबतीत भागाकार कुठं गेला होता तुझा? तुला तो पणजा पाहिजे होता. साहेबाला 'काय पाहून राहिला बे' म्हणणारा कुणीतरी वऱ्हाडी त्या फितीत असावा, याची तुला भूक होती, आणि मी वाढत गेलो. गुन्हा माझा, पण पान तुझं होतं. हे भांडण आपण त्या शनिवारी केलं असतं. तू ओरडला असतास, मी तुझ्यापेक्षा जोरात ओरडलो असतो, मग पुलावर जाऊन चहा घेतला असता. ते आता मी एकटाच दोन्ही बाजूंनी लढतो. दोन्हीकडून हरतो.

बुधवारी अंजनगावला गेलो. काकू रविवारी अमरावतीला येणार होती, आपल्या आजेसासऱ्याला मोठ्या पडद्यावर बघायला. नवं लुगडं काढून ठेवलं होतं. मी बसलो, पाणी प्यायलो, पाऊस यंदा कसा होईल यावर बोललो. मग सांगितलं. मोजक्या शब्दांत, मला सवय नाही तरी.

काकूनं भिंतीवरच्या फोटोकडे बघितलं.  

"मंग मी पानी कोनाले देल्लं?"

"माहीत नाई काकू."

"तीन वर्सं. कोनाले देल्लं मी पानी, बापू?"

मी मान खाली घातली. कोर्टात शंभर साक्षीदारांची बोबडी वळवली आहे मी. बरं, पंचवीस.

"तो काही बोलून नाई राहिला," मी म्हणालो. "दिग्याच्या बायकोनं पाह्यलं. धाप लागली हाय म्हन्ते त्याले. वझ्यानं."

काकू उठली. चौकट खाली काढायला मला हात लावू दिला नाही. स्टुलावर चढायचं तिचं वय आहे का? पण चढली. फोटो काढला, पदरानं काच पुसली, उलटा करून माझा शिक्का बघितला. तिला वाचता येत नाही, पण शिक्का ओळखता येतो. मग तो फोटो तिनं पूर्वजांच्या ओळीतून नेऊन पाण्याच्या माठावरच्या खिळ्याला लावला.

"धाप लागली होती म्हन्तं तं पानी देल्लं ते बरं झालं," ती म्हणाली. "पन तू खोटं बोलला. ते येगळं हाय." आणि नवं लुगडं उचलून पेटीत ठेवून दिलं. मी दरवाजात चपला घालत होतो तरी तिनं वर पाहिलं नाही.

काल शुक्रवारी अमरावतीला तुझ्या घरी आलो. आवाज घुमू नये म्हणून वहिनींनी मागच्या खोलीत गोधड्या टांगल्या होत्या, तू टांगायचास तशा. पंखा बंद. खिडकीला चादर. माझ्यासमोर मायक्रोफोन, समोरच्या पडद्यावर तो माणूस. मी आधी वहिनींना शपथेचं सांगितलं. सगळं. उजवा हात पुढे करून सांगितलं, जणू त्यावर रक्त आहे.

वहिनी ऐकत होत्या. मग म्हणाल्या, "तुमच्या खोट्यानं मानसं मरत असती भाऊजी, तर अकोला कवाच रिकामं झालं असतं."

मला हसू आलं. त्यांना आलं नाही.

"पन एक सांगतो," त्या म्हणाल्या. "तुमी शपथ घेतली त्या संध्याकाळी हे घरी आले, जेवले नाईत. सकाळी तुमचा आवाज बंद केला. मी इचारलं काहून, तर म्हने, बापू येईन शनिवारी. तो येऊन सांगन."

दिग्या, येऊन काय सांगेन, हे तुला माहीत होतं का? का तू फक्त वाट बघत होतास, कशाचीही? वहिनींनाही ठाऊक नाही. मी खोदून विचारलं, वकिली पद्धतीनं, तीनदा. ठाऊक नाही.

त्यांनी आवाज ऐकायचे हेडफोन बाजूला ठेवले आणि माझ्यासमोर बसून माझ्या ओठांकडे बघू लागल्या. पोरांकडे बघत असतील तसं. फीत सुरू झाली. तो वळला, एवढा हळू की वळायला मिनिटभर लागलं. मी तोंड उघडलं आणि घशात गणुजी आला, त्याची बैलं आली, साहेबाच्या काट्याला बसलेली लाथ आली. सगळं जिवंत. किती सोपं होतं! काकू येणारच नव्हती, तू नव्हतास, आणि लोकांनी शिट्ट्या मारल्या असत्या.

मी म्हणालो, "हा माणूस कोण आहे, मला माहीत नाही. मी याला माझा पणजा म्हटलं होतं. ते खोटं होतं. याला धाप लागली आहे."

झालं. चार वाक्यं. पुढची सहा मिनिटं माझ्याकडे काही नव्हतं. जन्मात पहिल्यांदा नव्हतं. बंद खोली, मे महिना, गोधड्यांचा वास, घाम डोळ्यांत जातोय आणि समोर तो, तोंड उघडं. छडी काठावरून आत यायला लागली. ती येते हे मला शंभरदा माहीत आहे तरी मी खुर्ची घट्ट धरली. छडीनं तो परत वळेपर्यंत आम्ही दोघं, तो आणि मी, एकमेकांकडे बघत होतो.

वहिनींनी नंतर ऐकलं. माझा श्वास आला होता त्यात, जाड, घरघरणारा, सहा मिनिटं. मी म्हटलं, हे काढा. त्या म्हणाल्या, "राहू द्या." तुझ्याच सुरात म्हणाल्या, तू त्या नंबराबद्दल म्हणाला होतास तसं, राहू दे, दिसू दे. शिक्क्याचा तुकडाही तसाच राहतोय आणि काकूच्या पाण्याचाही.

आभार मानायची आपली रीत नाही. पण तुझ्याएवढा वेळ माझ्या तोंडाकडे बघत कुणी बसलं नाही, हे तुला सांगायचं राहिलं. बाकी जे सांगायचं होतं ते एका शनिवारी सांगायचं होतं. तो शनिवार मी खाल्ला.

उद्या मी दारात उभा राहून माणसं मोजणार आहे. शंभर आली तर शंभर, अकरा आली तर अकरा. संध्याकाळी तुला आकडा सांगेन. या खेपेला भागू नको.